इझुमी शिकिबूची कविता तिच्या प्रियकरांकडून परत घ्या

इझुमी शिकिबूवर लिहायला बसलेला माणूस पहिल्याच परिच्छेदात तिचे पुरुष मोजायला घेतो. दोन नवरे, दोन राजपुत्र आणि वावड्यांमधले आणखी काही. मग विशेषणं येतात: उत्कट, बेभान, प्रेमापायी जगाची पर्वा न करणारी. जागा उरलीच तर कविता येते, आणि तीही त्या प्रकरणांचा पुरावा म्हणून. हजार वर्षांपूर्वी क्योतोच्या दरबारात वावरलेल्या या बाईच्या नावावरच्या संग्रहांत, पुनरावृत्ती धरून, दीड हजाराच्या आसपास कविता आहेत. सम्राटांच्या आज्ञेनं सिद्ध झालेल्या काव्यसंग्रहांत तिच्या २४०हून अधिक कविता निवडल्या गेल्या. १०८६ मध्ये पुऱ्या झालेल्या ‘गोशूइशू’ या संग्रहात सगळ्यांत जास्त कविता तिच्या आहेत, साठाहून अधिक. एवढं काम करून ठेवलेल्या कवीची ओळख तिच्या अंथरुणावरून करून द्यायची, ही रीत मला संतापजनक वाटते. आणि ती केवळ तिच्या निंदकांची नाही. तिच्या चाहत्यांनीही ती तितक्याच निष्ठेनं पाळली आहे.

या रीतीमागच्या मताचं म्हणणं आधी पुरतं ऐकून घेऊ. इझुमी ही सैल वर्तनाची बाई, असं ते मत म्हणतं. तिच्याकडे विद्वत्ता नव्हती, घडण नव्हती. होतं ते भरून वाहणारं काळीज. जे भोगलं ते तिनं ओठांवर आलं तसं एकतीस अक्षरांत ओतलं. तेव्हा तिची कविता समजून घ्यायची म्हणजे कुठली कविता कुठल्या पुरुषासाठी, हे शोधून काढायचं. पूर्वीचे लोक हे नाक मुरडून सांगायचे. आजचे लोक कौतुकानं सांगतात, की ती मुक्त होती, बंडखोर होती, काळाच्या पुढे होती. सूर बदलला, मजकूर तोच राहिला. दोघांच्याही लेखी ती आधी प्रेयसी आहे, आणि कवी झालीच तर नाइलाजानं.

चारित्र्याच्या गोष्टीत मुळात आहे काय? इझुमीचा जन्म दहाव्या शतकाच्या शेवटच्या पंचवीस वर्षांतला. वडील ओए नो मासामुने, प्रांतांवर नेमल्या जाणाऱ्या मधल्या फळीतल्या अधिकाऱ्यांपैकी. पहिला नवरा ताचिबाना नो मिचिसादा हा इझुमी प्रांताचा अधिकारी; तिच्या नावातलं ‘इझुमी’ तिथून आलं, जन्मनाव कुणाला ठाऊक नाही. त्याच्यापासून तिला एक मुलगी झाली, जी पुढे कोशिकिबू नो नाइशी म्हणून स्वतः कवयित्री झाली. तो संसार मोडला. मग सम्राट रेइझेइचा मुलगा तामेताका. तो १००२ मध्ये वारला. मग त्याचा धाकटा भाऊ अत्सुमिची. तो १००७ मध्ये वारला. दोघंही ऐन विशीत गेले. पुढे ती सम्राज्ञी शोशीच्या सेवेत दाखल झाली आणि फुजिवारा नो यासुमासा या सरदाराशी लग्न करून त्याच्याबरोबर तांगो प्रांतात गेली. उभ्या आयुष्यात नावानिशी सांगता येणारे चार पुरुष, त्यांतले दोन अकाली मेलेले. ज्या समाजात नवरा रात्री बायकोच्या घरी जायचा, पहाटे परतायचा, आणि तो यायचा थांबला की नातं संपलं असं दोन्ही घरं मानायची, त्या समाजात यात जगावेगळं काय आहे?

जगावेगळं एवढंच होतं की त्यातले दोन राजपुत्र होते. राजपुत्राचं काही चुकलं की दोष बाईच्या माथी मारायचा, हे तेव्हाही ठरलेलंच होतं. तामेताका रोगाची साथ चालू असताना रात्री-अपरात्री बाहेर भटकायचा आणि त्यातच गेला, असं ‘एइगा मोनोगातारी’ या बखरवजा ग्रंथात आहे. ज्यांच्यासाठी तो भटकायचा त्यांत शिनचूनागोन आणि इझुमी अशा दोघींची नावं तिथे येतात. शिनचूनागोनला आज कोण ओळखतं? राजपुत्राला मरणाच्या दारात नेल्याचा ठपका एकट्या इझुमीवर राहिला, कारण तिची कविता लोकांच्या लक्षात होती. म्हणजे ज्या गुणानं तिचं नाव टिकलं, त्याच गुणाची शिक्षा तिला मिळाली.

कामो देवस्थानाच्या उत्सवातल्या गाडीची गोष्ट घ्या. ‘ओकागामी’ या ग्रंथात ती बारकाव्यानं सांगितली आहे. अत्सुमिची आणि इझुमी एकाच बैलगाडीतून उत्सवाची परतीची मिरवणूक पाहायला गेले. राजपुत्रानं गाडीचा पुढचा पडदा मधोमध कापून घेतला होता. आपल्या बाजूचा त्यानं वर उचलून ठेवला, तिच्या बाजूचा खाली सोडला, आणि त्या पडद्याखालून तिची वस्त्रं बाहेर लोंबत होती. तिच्या लाल वस्त्राला सोवळ्याची रुंद लाल पट्टी लावलेली होती, ती जमिनीला टेकेल इतकी लांब. लोकांनी मिरवणूक सोडून हेच पाहिलं. आता सांगा, पडदा कुणी कापला? गाडी कुणाची होती? बाईला सगळ्या शहरासमोर मिरवायची हौस कुणाला होती? ग्रंथ स्पष्ट सांगतो की हे राजपुत्राचं करणं होतं. तरी पिढ्यान्‌पिढ्या ही गोष्ट सांगितली जाते ती इझुमीच्या निर्लज्जपणाचा नमुना म्हणून.

शोशीच्या बापाचं, फुजिवारा नो मिचिनागाचं, तेच. देशाची सत्ता त्याच्या मुठीत होती. दरबारात कुणाच्या तरी हातात त्याला इझुमीचा पंखा दिसला. कुणाचा म्हणून त्यानं विचारलं आणि नाव कळताच पंखा घेऊन त्यावर ‘भटक्या बाईचा पंखा’ अशा अर्थाचे शब्द लिहिले. मिचिनागाला स्वतःला रिन्शी आणि मेइशी अशा दोन थोर घराण्यांतल्या बायका होत्या, आणि त्याबद्दल त्याच्या पंख्यावर कुणी काही लिहिलं नाही. इझुमीनं त्याच्या शब्दांशेजारी कविता लिहून पंखा परत केला. ओसाकाचा डोंगरातला नाका प्रेमिकांच्या भेटीसाठी कवितेत प्रसिद्ध होता. त्याच नाक्याचा आधार घेऊन, जाब विचारायचा अधिकार तुम्हाला कुणी दिला, असं तिनं त्या सर्वशक्तिमान माणसाला सुनावलं. ही गोष्ट लोक सांगतात ती मिचिनागाच्या शेऱ्यासाठी. माझ्या मते तिचं उत्तर महत्त्वाचं आहे. नोकरीवर असलेल्या बाईनं मालकिणीच्या बापाला, त्याच्याच हस्ताक्षराशेजारी, रूढ काव्यसंकेताच्या चौकटीत राहून दिलेलं हे उत्तर आहे. ते काळीज भरून आल्यानं लिहिता येत नाही. त्याला डोकं थंड लागतं आणि परंपरा तोंडपाठ लागते.

यावर मुरासाकी शिकिबूची साक्ष काढली जाते. ‘गेंजी मोनोगातारी’ लिहिणारी मुरासाकी त्याच शोशीच्या पदरी होती आणि आपल्या रोजनिशीत तिनं इझुमीबद्दल मत नोंदवलं आहे. इझुमीची पत्रं छान असतात, सहज लिहिलेल्या शब्दांनाही सुगंध असतो, कवितेत काहीतरी नजरेत भरणारं असतंच. पण जुन्या कवितेचं ज्ञान आणि दुसऱ्यांच्या कवितेची पारख पाहिली तर ती खरी कवी नव्हे, कविता तिच्या तोंडून आपोआप येते एवढंच, आणि तिचं वागणं काही बरं नाही, असा एकूण आशय. या एका परिच्छेदावर हजार वर्षांचं मत उभं आहे. पण ही साक्ष कुणाची? त्याच रोजनिशीत मुरासाकीनं लेखिका सेइ शोनागोनचीही सालं काढली आहेत. दरबारातल्या प्रत्येक बुद्धिमान बाईकडे ती प्रतिस्पर्धी म्हणून पाहत होती, आणि त्या नोकरीत तसं पाहणं भागही होतं. थोर कादंबरीकार ही कवितेची निःपक्ष परीक्षक असतेच, असं कुणी ठरवलं?

त्याच काळातली दुसरी साक्ष का काढली जात नाही? फुजिवारा नो किन्तो हा त्या पिढीतला काव्याचा सर्वमान्य अधिकारी. चिनी आणि जपानी वेच्यांचा ‘वाकान रोएइशू’ हा संग्रह त्यानं सिद्ध केला. त्याचा मुलगा सादायोरी यानं त्याला विचारलं, इझुमी आणि तिच्याच काळातली कवयित्री आकाझोमे एमोन यांत सरस कोण? किन्तोनं उत्तर दिलं की दोघींना एका दमात मोजता येणार नाही, इझुमीची पातळी वेगळी आहे. आणि तिच्या एका कवितेच्या घडणीकडे बोट दाखवून त्यानं सांगितलं की असं सुचणं सामान्य कवीच्या आवाक्यातलं नाही. ही हकिकत पुढच्या काव्यशास्त्रीय ग्रंथांनी नोंदवली. तेराव्या शतकाच्या सुरुवातीला कामो नो चोमेई यानं, ‘होजोकी’ लिहिणाऱ्या त्याच चोमेईनं, ‘मुम्योशो’ या ग्रंथात या प्रश्नाचा छडा लावला. कवी जिवंत असतो तोवर त्याच्या कामाची किंमत त्याच्या वागण्यावरून कमी-जास्त लावली जाते, असं त्यानं लिहिलं. इझुमीला हयातीत मान कमी मिळाला तो याच कारणानं. माणूस गेल्यावर कविता तेवढी उरली आणि तिची योग्यता दिसू लागली. आठशे वर्षांपूर्वी चोमेईनं ही बाब इतक्या नेमकेपणानं निकाली काढली. तरीही आपण मुरासाकीचाच परिच्छेद उगाळत बसतो, कारण त्यात चहाडीची गोडी आहे आणि चोमेईच्या विवेचनात ती नाही.

आता ‘आपोआप आलेल्या’ कवितेकडे वळू. माझं खरं भांडण इथे आहे.

इझुमीची एक कविता जगभर गाजली आहे. विस्कटलेल्या काळ्याभोर केसांची, एकटीनं पडून राहण्याची आणि ते केस पहिल्यांदा ज्यानं हातानं सारले त्याच्या आठवणीची. तिच्या कबुलीजबाबाचा हाच सर्वांत मोठा पुरावा मानला जातो. कोण होता तो, मिचिसादा की राजपुत्र, यावर चर्चा झडतात. आणि ही कविता तिच्या संग्रहात येते कुठे? शंभर कवितांच्या एका बांधीव मालिकेत. वसंत, ग्रीष्म, शरद, हिवाळा आणि प्रेम असे ठराविक विभाग करून लिहिलेली ही मालिका आहे, आणि केसांची कविता त्यातल्या प्रेमाच्या विभागात आहे. म्हणजे धुक्याची कविता जशी वसंताच्या विभागासाठी रचली, तशी केसांची कविता प्रेमाच्या विभागासाठी रचली. धुक्याच्या कवितेवरून ती त्या दिवशी कुठल्या टेकडीवर उभी होती, असं कुणी विचारतं का? मग प्रेमाच्या विभागाशी येताच ती एकदम शपथेवर बोलू लागते, हे कशावरून?

दोनशे वर्षांनी फुजिवारा नो तेइका या थोर कवीनं याच कवितेला पुरुषाच्या बाजूनं उत्तर लिहिलं. त्याच्या कवितेत केस सारणारा माणूस बोलतो. ती ‘शिनकोकिनशू’ या संग्रहात आहे आणि परंपरेशी संवाद साधण्याच्या कलेचा उत्तम नमुना म्हणून शिकवली जाते. तेइका कुणाच्या केसांबद्दल बोलत होता, याची चौकशी कुणी केली नाही. करायचं कारणच नव्हतं; तो कवी होता, त्यानं कविता रचली होती. हाच न्याय इझुमीला लावायला हरकत कोणती? पुरुषानं लिहिलं तर संकेत आणि बाईनं लिहिलं तर कबुली, या भेदाला कवितेत कुठलाच आधार नाही. तो वाचणाऱ्याच्या डोक्यात आहे.

दुसरी मालिका पाहा. ‘वाकान रोएइशू’मध्ये जीवनाच्या क्षणभंगुरतेवरचं एक चिनी काव्यद्वय आहे, त्यात देह काठावरच्या मूळ सुटलेल्या गवतासारखा आणि आयुष्य न बांधलेल्या नावेसारखं, अशा प्रतिमा येतात. इझुमीनं ते जपानी वाचनात घेतलं, त्याची अक्षरं सुटी केली आणि एकेका अक्षरानं सुरू होणारी एकेक कविता लिहिली. अशा ४३ कविता. पहिलं अक्षर ठरलेलं, पुढची मात्रांची मोजणी ठरलेली, आणि एवढ्या बंधनात दुःख, एकाकीपण, मरणाची चाहूल सगळं आणायचं. ज्या बाईला विद्वत्ता नव्हती तिनं चिनी ओळ निवडली कशी? जिची कविता ओठांवर आपोआप यायची, तिच्या ओठांवर ती नेमकी त्रेचाळीस अक्षरांच्या क्रमानं यायची का?

आणि अत्सुमिची गेल्यानंतरचा शोक. या राजपुत्रासाठी तिनं शंभराहून अधिक शोककविता लिहिल्या. इथे तरी काळीज फुटलं असेल, असं समोरचा माणूस म्हणतो. काळीज फुटलं असेल, मी ते नाकारत नाही. पण त्यातल्या एका गटाला तिनं स्वतः कशी मांडणी दिली ते पाहा. दिवसा मनात दाबून ठेवलेली आठवण, संध्याकाळी शून्यात लागलेली नजर, रात्रीच्या पहिल्या प्रहरातले विचार, मध्यरात्री मोडलेली झोप, पहाटेची ओढ: शोकाचे तिनं दिवसाच्या घटकांप्रमाणे पाच भाग पाडले आणि प्रत्येक भागाखाली कविता लावल्या. ज्यानं जवळचं माणूस गमावलं आहे त्याला ही विभागणी किती खरी आहे हे लगेच कळेल. दुपारचं दुःख आणि पहाटे तीनचं दुःख एक नसतं. दुपारी लोक असतात, काम असतं, दुःख आवरून धरावं लागतं. पहाटे ज्या वेळी तो निघून जायचा त्याच वेळी ते सगळ्यात तीक्ष्ण होतं. हे पाहायला दुःखापासून हातभर लांब उभं राहावं लागतं. त्या शहरात साथीत, बाळंतपणात, म्हातारपणात रोज माणसं मरत होती आणि शेकडो बायका रडत होत्या. त्यांच्या रडण्यातून ही मांडणी निघाली नाही. ती एका कवीनं बसून केली.

तिच्या रोजनिशीचीही हीच कथा. ‘इझुमी शिकिबू निक्की’ १००३ च्या उन्हाळ्यापासून पुढचे काही महिने सांगते: मेलेल्या राजपुत्राचा शोक, त्याच्या भावाकडून पोराच्या हाती आलेली मोसंबीच्या जातीच्या फुलांची फांदी, मग पत्रं, पावसाळी रात्री, संशय, आणि अखेर तिचं त्याच्या वाड्यात जाणं. यात दीडशेच्या जवळपास कविता आहेत आणि त्यांतल्या निम्म्या राजपुत्राच्या आहेत. लिहिणारी स्वतःला ‘ती बाई’ म्हणते. तृतीय पुरुषात. काही हस्तलिखितांवर तर शीर्षकातच ‘मोनोगातारी’ म्हणजे कथा असं आहे. आणि ती तिनं लिहिली की नंतरच्या कुणी, हा वाद अभ्यासकांत आहेच. ज्या लेखनात स्वतःला परकं करून पात्र केलं आहे, त्याला कपाटातून सापडलेली खासगी वही कसं म्हणायचं?

त्याच रोजनिशीतला एक प्रसंग या सगळ्या वादाचा निकाल लावू शकतो. नवव्या महिन्यातली पहाट. राजपुत्र येऊन दार ठोठावतो, आतल्यांना वेळेत जाग येत नाही, तो परत जातो. इझुमी जागीच होती. मावळतीचा चंद्र, धुकं, घंटेचा आवाज यांवर तिनं त्या पहाटे जे लिहिलं होतं, ते ती सकाळी त्याला तसंच पाठवून देते. तो ते वाचून एकामागून एक कवितांनी उत्तर देतो. आणि लगेच पुढे तो तिच्याकडे काय मागतो? त्याच्या ओळखीची एक बाई दूर निघाली आहे. तिला निरोप देताना पाठवायला एक मन हलवणारी कविता त्याला हवी आहे, आणि ती इझुमीनं लिहून द्यावी. दुसऱ्या बाईसाठी. इझुमी लिहून देते. राजपुत्राला पक्कं ठाऊक होतं की भावना उभी करणं हे हिचं कसब आहे, आणि ती भावना हिची स्वतःचीच असावी लागत नाही. तिच्यावर प्रेम करणाऱ्या माणसाला जे कळत होतं, ते तिच्यावर पुस्तकं लिहिणाऱ्यांना कळू नये?

ही चूक किती हास्यास्पद टोकाला जाते याचं उदाहरण म्हणजे अंधारातून अंधारात जाण्याची आणि डोंगरकडेच्या चंद्राची कविता. ही तिची मरणशय्येवरची शेवटची कविता, असं आजही छापलं जातं. पापी बाई, अखेरीस पश्चात्ताप, मग धर्माला शरण: गोष्ट कशी छान बसते. पण ही कविता तिनं शोशा डोंगरावरच्या शोकू या साधूला पाठवली होती, आणि शोकू १००७ मध्ये वारला. ज्या ‘शूइशू’ संग्रहात ती आहे तो त्याच सुमारास पुरा झाला. म्हणजे कविता लिहिली तेव्हा इझुमी फार तर तिशीची होती, आणि त्यानंतर वीसहून अधिक वर्षं जगली. मुळात त्या कवितेचा अंधार तिच्या पापांचा नाहीच. तो ‘सद्धर्मपुंडरीक’ सूत्रातला आहे. भारतात रचलेलं हे सूत्र कुमारजीवानं ४०६ मध्ये चिनीत आणलं आणि जपानच्या दरबारात ते त्याच चिनी रूपात पाठ केलं जाई. त्याच्या सातव्या अध्यायातली प्रतिमा घेऊन इझुमीनं तिच्यासमोर चंद्र ठेवला, आणि तो चंद्र म्हणजे ज्याला कविता पाठवली तो साधू. धर्मग्रंथ तोंडपाठ असलेल्या, थोर साधूला पत्र कसं लिहावं हे जाणणाऱ्या बाईची ही रचना. तिला पश्चात्तापाचा हुंदका केलं ते तारखा न पाहणाऱ्यांनी.

राहता राहिले तिचे आजचे चाहते. त्यांना ती बंडखोर वाटते. १९०१ मध्ये ‘मिदारेगामी’ हा काव्यसंग्रह लिहिणाऱ्या योसानो अकिकोनं इझुमीला जवळची मानलं, तेव्हापासून या वाचनाला बळ आलं. अकिकोचा हक्क मला मान्य आहे. कवी आपल्याला हवी ती पूर्वज निवडतो. पण इझुमीच्या त्या हेइआन काळातल्या मधल्या फळीतल्या बाईला एकविसाव्या शतकातली मुक्त नायिका करून तिचा गौरव होतो असं ज्यांना वाटतं, त्यांनी रोजनिशीतली दाई ऐकावी. राजपुत्राची दाई त्याला सांगते की ही बाई काही मोठ्या घरातली नाही, हवीच असेल तर वाड्यावर बोलावून घ्या आणि कामाला ठेवा. इझुमी कितीतरी दिवस जावं की नको या विचारात घालवते, कारण राजपुत्राच्या वाड्यात आपलं स्थान पत्नीचं नसणार हे तिला माहीत आहे. ती गेली ती सेविकेच्या दर्जानं. मग त्याची पत्नी अपमान सहन न होऊन घर सोडून गेली. यात स्वातंत्र्य कुठे आहे? तिला निवडीला जागा फार थोडी होती. जिथे तिला पूर्ण सत्ता होती ती जागा म्हणजे कागद. तिथे ती काय करत होती हे न पाहता, जिथे तिचं काही चालत नव्हतं तिथे आपण तिला स्वतंत्र ठरवतो.

आणि ‘प्रेमकवयित्री’ या शिक्क्यानं किती कविता नजरेआड गेल्या! इंग्रजीत तिचं नाव ज्या पुस्तकानं सर्वदूर केलं ते जेन हर्शफील्ड आणि मारिको अरातानी यांचं ‘द इंक डार्क मून’. ओनो नो कोमाची आणि इझुमी यांच्या प्रेमकविता, असंच त्याचं उपशीर्षक आहे. दीडशे वर्षांच्या अंतरानं जगलेल्या दोन बायका एका पिशवीत, आणि पिशवीवर नाव प्रेमाचं. या शिक्क्यात न बसणारी एक कविता पाहा. १०२५ मध्ये इझुमीची मुलगी कोशिकिबू बाळंतपणात वारली. ती शोशीच्याच सेवेत होती, आणि शोशी तिला दर वर्षी वस्त्रं देत असे. मुलगी गेली त्या वर्षीही वस्त्रं आली. त्यावर नेहमीसारखंच लिहिलेलं: कोशिकिबू नो नाइशी. आईच्या हातात ते नाव पडलं. त्यावर इझुमीनं लिहिलेली कविता ‘किनयोशू’ या संग्रहात आहे. ती आकांत करत नाही, मुलीला हाक मारत नाही. शेवाळाखाली गेलेला देह, त्याच्याबरोबर न गेलेली आई, आणि पुरलं न जाणारं नाव, या तीन गोष्टींवर ती सगळी उभी आहे. म्हातारी होत आलेली आई, कापडाचा गठ्ठा, त्यावरची शाई. यातलं ‘नाव’ एकाच वेळी चिठ्ठीवरचं नाव आहे आणि कवी म्हणून मागे राहिलेली कीर्तीही आहे. ही कविता कुठल्या प्रियकरासाठी? सैल वर्तन यात कुठे बसवायचं?

मराठी वाचकाला जपानी कविता म्हटलं की शिरीष पै यांच्यामुळे हायकू आठवतो. इझुमीची पाच ओळींची कविता हायकूकार बाशोच्या सहाशे वर्षांहून आधीची आहे, आणि ती वाचायची सवय वेगळी लागते. तिच्या कवितेआधी प्रस्तावनेचे दोन शब्द असतात: आजारी असताना कुणाला तरी पाठवलेली, शिकारीच्या आदल्या रात्री हरणाचं ओरडणं ऐकून केलेली, अमक्या मालिकेतली, तमक्या विषयावरची. ‘ह्याकुनिन इश्शू’ या संग्रहातली तिची मरणापूर्वी एकदा भेटावं अशी कविता आजारपणात कुणाला तरी पाठवली, एवढंच तिच्या आधीच्या या दोन शब्दांत म्हटलं आहे, त्या कुणाचं नाव नाही. ते कोरं ठेवलेलं नाव भरण्यासाठी शतकानुशतकं धडपडलेल्यांना माझं सांगणं आहे की ते तसंच कोरं राहू द्या. तिला मराठीत आणायला जो कुणी बसेल त्यानं प्रस्तावनेत दोन राजपुत्रांची गोष्ट सांगण्याआधी या ओळी कवितेला जोडून छापाव्यात. शंभर कवितांची मालिका फोडू नये, केसांची कविता तिच्या विभागातच ठेवावी, त्रेचाळीस कविता क्रमानं द्याव्यात, शोकाचे पाच भाग त्यांच्या मथळ्यांसह द्यावेत, आणि किन्तो व चोमेई यांची मतं मुरासाकीच्या मताच्या आधी यावीत. तिचे पुरुष कुणाला मोजायचेच असतील तर त्यांची यादी परिशिष्टात द्यावी, लहान टाइपात.